‘इन्स्टॉलेशन’, ‘परफॉर्मन्स’ आणि नागरिक

प्रश्न असा: तानिया ब्रुगेरा या क्यूबन कलावतीच्या परिचयात ‘ती सादरीकरण, स्थापना आणि नागरी सहभाग यांना एकत्र करते’ असं लिहिलं, तर चालेल का?

अर्थ कळेल, पण तिन्ही शब्द थोडेथोडे चुकतात.

‘स्थापना’ सर्वांत सोपी: ती काढूनच टाका. स्थापना संस्थेची होते, घटाची होते. इन्स्टॉलेशनसाठी, म्हणजे एखाद्या जागेत वस्तू मांडून केलेल्या कलाकृतीसाठी, ‘मांडणशिल्प’ हा शब्द मराठीत रुळलेला आहे आणि तो चांगला आहे, कारण आपण जे मांडतो ते मोडायचंही असतं: डाव, खेळ, पूजा. जर्मन कलावंत योझेफ बॉइसने १९८२ मध्ये जर्मनीतल्या कासेल शहरात संग्रहालयासमोर बेसॉल्टचे ७,००० दगड रचले. एक झाड लागलं की एक दगड तिथून उचलून झाडाशेजारी रोवायचा. ढीग संपायला १९८७ उजाडलं, बॉइस त्याच्या आदल्याच वर्षी वारला होता. याला ‘स्थापना’ कसं म्हणणार? नुसता प्रकाश किंवा आवाज असेल तिथे मात्र ‘शिल्प’ जरा खटकतं. नुसतं ‘मांडणी’ म्हणावं, तर ती पुस्तकाच्या पानाचीही असते आणि मुद्द्यांचीही. म्हणून खटकलं तरी मांडणशिल्पच बरं.

खरी अडचण ‘परफॉर्मन्स’साठी वापरलेल्या ‘सादरीकरणा’ची. आधी तयार केलेलं कुणापुढे तरी ठेवणं, हा त्याचा अर्थ. शिवाय तो शब्द आता कचेरीतल्या स्लाइडांनी पळवलाय. २००८ मध्ये लंडनच्या टेट मॉडर्न या कलासंग्रहालयात ब्रुगेराने दोन घोडेस्वार पोलीस आणले. गर्दी हटवण्याच्या नेहमीच्या युक्त्या वापरून ते आलेल्या लोकांना इकडेतिकडे सरकवत होते. इथे सादर काय झालं? ज्याला घोडा रेटतोय त्याला ‘प्रेक्षक’ तरी कसं म्हणायचं? ‘उपस्थित’ म्हणा. ‘प्रयोगकला’ सुचेल, पण तिची नाटक-नृत्याच्या ‘प्रयोगजीवी कलां’शी गल्लत होते. मी ‘कृतिकला’ वापरेन. सुटी ‘कृती’ दीर्घ, समासात ‘ति’ ऱ्हस्व. छापताना हमखास चुकतं. ब्रुगेरा स्वतः ‘आर्ते दे कोंदुक्ता’ हा स्पॅनिश शब्दप्रयोग करते, म्हणजे ‘वर्तनकला’. शाळेच्या दाखल्यावरच्या ‘वर्तणूक’ची छटा त्यातही आहे, त्यामुळे तिच्यापुरता हा शब्द फार नेमका बसतो. सरसकट वापरू नका.

‘नागरी’ म्हटलं की सुविधा आणि वस्त्या आठवतात. ‘लोकसहभाग’ला योजनेचा वास येतो: ठरवायचं वरच्यांनी, राबायचं लोकांनी. ‘नागरिकांचा सहभाग’ साधा आणि स्पष्ट. जमलं तर नामाऐवजी क्रियापदच वापरा. क्यूबाची राजधानी हवानात २००९ मध्ये ब्रुगेराने मंच आणि ध्वनिक्षेपक ठेवून कुणालाही एक मिनिट मोकळेपणाने बोलू दिलं. ‘सहभाग’पेक्षा ‘बोलू दिलं’ यातच जास्त कळतं.

आणि ‘यांना एकत्र करते’ऐवजी ‘यांची सांगड घालते’.