पन्नाशीत ऑडिशन द्यायची का?

प्रश्न: ताई नमस्कार, मी ५१ वर्षांची, परळला राहते. बँकेत होते तेव्हा आंतरबँक एकांकिका स्पर्धेत दरवर्षी काम करायचे, मग मुलगा झाला, सासूबाईंचं आजारपण निघालं आणि सगळं सुटलं ते सुटलंच. परवा भाचीसोबत 'चार्ली अँड द चॉकलेट फॅक्टरी' बघितला, त्यात एकाच पलंगावर चार म्हातारे असतात बघा, त्यातली ती जरा भ्रमिष्ट आजी मला जाम आवडली. भाची म्हणाली ही बाई पन्नाशीला टेकल्यावर नटी झाली. खरंय का? आणि आपल्याकडे असं होतं का? घरी विषय काढला तर सगळे हसतात.

उत्तर: अहो खरंय, पण अर्धंच खरंय. तिचं नाव लिझ स्मिथ, जन्म १९२१ चा. लहानपणीच आई गेली, बाप सोडून गेला, आजीने वाढवलं. नंतर घटस्फोट, दोन मुलं एकटीच्या पदरात, मिळेल ती नोकरी. आपल्या मॉलमध्ये ते हॅम्लीजचं खेळण्यांचं दुकान दिसतं ना, त्याच्या लंडनच्या दुकानात ती खेळणी विकत होती तेव्हा माइक ली नावाच्या अगदी नवख्या दिग्दर्शकाचं बोलावणं आलं. 'ब्लीक मोमेंट्स', १९७१. काम काय तर आईचं.

आता सगळे एवढंच सांगतात, दुकानातून थेट सिनेमात, आणि मला तिथेच राग येतो कारण त्याआधी कित्येक वर्षं ती दिवसभर राबून संध्याकाळी एका ग्रुपमध्ये इम्प्रोव्हायझेशन करायला जायची, म्हणजे स्क्रिप्ट नाही, प्रसंग दिला की उभं राहायचं आणि करायचं. कोणी बघायला नाही की पैसे नाहीत. तुमचं सुटलं, तिने सुटू दिलं नाही, फरक असलाच तर तेवढाच आहे.

पुढे हिरॉइन वगैरे काही झाली नाही हं. आई, शेजारीण, आजी. पण 'अ प्रायव्हेट फंक्शन'साठी (१९८४ चा सिनेमा, रेशनच्या काळात लपवून पाळलेल्या डुकराची गोष्ट, धमाल आहे) सहाय्यक अभिनेत्रीचं बाफ्टा, म्हणजे ब्रिटनचं मोठं फिल्म पारितोषिक, घेतलं. टीव्हीवर 'द व्हिकार ऑफ डिब्ली'त भयंकर पदार्थ करून लोकांना खाऊ घालणारी लेटिशिया, आणि १९९८ पासून 'द रॉयल फॅमिली'तली (राजघराणं नव्हे हं, रॉयल हे त्या साध्या कुटुंबाचं आडनाव) नाना, म्हणजे आजीच. ती सिरियल जवळजवळ सगळी एका दिवाणखान्यात, टीव्हीसमोर बसून घडते, आपल्या चाळीतल्या खोलीसारखी. २००६ च्या खास भागात ही नाना जाते, तो भाग रुमाल घेऊनच बघा. तुमची ती पलंगावरची आजी २००५ ची, म्हणजे तेव्हा बाई ८३ च्या. ९५ व्या वर्षी, २०१६ मध्ये गेल्या.

आता तुमचं. डेली सोपला आई, आत्या, सासू, शेजारीण सतत लागतातच, त्यामुळे वय आडवं येणार नाही. आडवं येईल ते बारा-बारा तासांचं शूट आणि पैसे, जे बहुतेक ठिकाणी ९० दिवसांनी हातात पडतात, तेव्हा पेन्शनच्या जीवावर करणार असाल तरच उतरा. नोंदणी फी किंवा पोर्टफोलिओचे पैसे आधी मागणारा को-ऑर्डिनेटर भेटला तर फोन कट करा, काम देणारा तुमच्याकडून पैसे घेत नाही. ऑडिशन हल्ली मोबाईलवरच रेकॉर्ड करून पाठवतात, भाचीला हाताशी धरा. पण त्याआधी एखाद्या हौशी ग्रुपच्या तालमीला जायला लागा, कामगार कल्याणच्या नाट्यस्पर्धेत उतरणारे ग्रुप तुमच्या परळ-लालबागमध्येच सापडतील. घरच्यांना पहिल्या प्रयोगाला बोलवा, हसू देत तिकडे.

आणि फिल्म सिटीची सकाळची शिफ्ट मिळालीच तर प्रभादेवीहून बोरिवली स्लो पकडा, त्या वेळी उलट्या दिशेला बसायला जागा मिळते, गोरेगाव येईपर्यंत डायलॉग पाठ होतात.