व्हॅक्यूम लावून प्रसूती झाली, बाळाच्या डोक्यावर टेंगूळ आहे. काळजीचं आहे का?

बहुतेक वेळा नाही. बाळाचं डोकं ओढून बाहेर काढायला व्हॅक्यूमची वाटी जिथे चिकटवली होती तिथे जन्मतःच दिसणारा गोल फुगवटा एक-दोन दिवसांत बसतो. वाटीच्या कडेचा लालसर वळ किंवा थोडं खरचटलेलंही भरून येतं.

काही तासांनी एका बाजूला टेंगूळ वर आलं तर ते कवटीचं हाड आणि त्यावरचं आवरण यांच्यामध्ये साठलेलं रक्त असू शकतं. ते त्या एका हाडापुरतंच राहतं. जिरायला कित्येक आठवडे लागतात, मध्येच कडा टणक लागते, घाबरू नका. मात्र ते रक्त जिरताना कावीळ वाढू शकते, म्हणून बिलिरुबिन (काविळीत रक्तात वाढणारा पिवळा घटक) तपासून घ्या. वाढलं तर निळ्या दिव्याखाली ठेवतात.

खरी भीती असते ती डोक्याच्या कातडीखाली पसरणाऱ्या रक्तस्रावाची. क्वचित होतो, पण जिवावर बेतू शकतो. सूज पाण्याच्या पिशवीसारखी लिबलिबीत लागते, कानामागे, मानेकडे उतरते, बाळ पांढरं पडतं, दूध ओढत नाही. असं दिसलं तर सकाळची वाट बघू नका, तडक दवाखाना गाठा. साधारणपणे हे पहिल्या एक-दोन दिवसांतच कळतं.

आणि हो, आजीला आधीच सांगून ठेवा: सूज उतरेपर्यंत तेल लावून डोकं चोळणं, दाबून ‘गोल करणं’ बंद. (आमच्याकडे यावरून अबोला झाला होता.)

व्हॅक्यूममुळे पुढे बुद्धीवर परिणाम होतो का? गंभीर रक्तस्राव झाला नसेल तर सहसा नाही.