सगळेच म्हणतात, म्हणजे खरं?
वाचकांचे प्रश्न : ज्ञान, समज आणि समाज

प्रश्न : ज्ञान समाज घडवतो असं म्हटलं, की मग खरं-खोटं असं काही उरतच नाही का?

उरतं, आणि ठाम उरतं. प्लूटोचंच उदाहरण घ्या. २४ ऑगस्ट २००६ रोजी प्राग इथे आंतरराष्ट्रीय खगोलशास्त्रीय संघाच्या सभेत मतदान झालं आणि प्लूटो ग्रहांच्या यादीतून बाहेर पडला. ‘ग्रह’ कोणाला म्हणायचं हे माणसांनी हात वर करून ठरवलं. मतदानाआधी प्लूटोला सूर्याभोवती फिरायला सुमारे २४८ वर्षं लागत होती, नंतरही तितकीच लागतात. नावं, वर्गवारी, मोजमापाची एककं, कोणता प्रश्न महत्त्वाचा मानायचा आणि कोणाच्या साक्षीवर भरवसा ठेवायचा, हे सगळं समाज ठरवतो. त्या प्रश्नाचं उत्तर काय निघेल, ते मात्र त्याच्या हातात नसतं.

काही गोष्टी मात्र समजुतीमुळेच खऱ्या होतात. बँक बुडणार अशी अफवा उठते, घाबरलेले खातेदार एकाच दिवशी पैसे काढायला येतात आणि धडधाकट बँक खरोखर बुडते. समाजशास्त्रज्ञ रॉबर्ट मर्टन यांनी १९४८ साली हेच उदाहरण देऊन स्वतःला खरं करणाऱ्या भाकिताची कल्पना मांडली. म्हणून कुठल्याही विधानाबद्दल आधी हे विचारावं : लोकांनी उद्या यावर विश्वास ठेवणं सोडलं, तर ही गोष्ट बदलेल का? बँकेची पत बदलेल, प्लूटोची कक्षा बदलणार नाही.

प्रश्न : आमच्या संस्थेच्या बैठकीत ठराव एकमताने होतात आणि बाहेर पडल्यावर निम्मे सभासद म्हणतात, ‘मला पटलं नव्हतं.’ लोक खोटं का वागतात?

त्यांना खोटारडं म्हणू नका. मानसशास्त्रज्ञ सॉलोमन अ‍ॅश यांनी १९५०च्या दशकात केलेले प्रयोग इथे उपयोगी पडतील. एका कार्डावर एक रेघ, दुसऱ्यावर तीन. त्या तिघींपैकी पहिलीएवढी कोणती, एवढंच सांगायचं. एकट्याने उत्तर देताना शंभरात एकही चूक जेमतेम होई. मग खोलीत बाकीचे सगळे प्रयोगकर्त्याला सामील असलेले बसवले. १८ फेऱ्यांपैकी १२ फेऱ्यांत ते एकमुखाने चुकीचं उत्तर देत. त्या फेऱ्यांत खऱ्या सहभागी माणसाची सुमारे ३७ टक्के उत्तरं चुकली. चारांतल्या तिघांनी निदान एकदा तरी इतरांची री ओढली, एकजण शेवटपर्यंत ठाम राहिला.

तुमच्या कामाचे आकडे पुढे आहेत. विरोधात एकच माणूस असेल तर परिणाम नगण्य, दोन असले की चुका १४ टक्क्यांच्या आसपास, तीन असले की ३२. त्यापुढे माणसं वाढवून फारसा फरक पडत नाही. आणि खरं उत्तर देणारा एक सोबती मिळाला, की चुका चौथाईवर येतात. उत्तर मोठ्याने सांगण्याऐवजी कागदावर लिहायला दिलं तरीही त्या बऱ्याच घटतात. म्हणजे मोडायची आहे ती एकमुखी साखळी, आणि त्यासाठी एक आवाज पुरतो.

बैठक अशी घ्या. विषय वाचून होताच चर्चा सुरू करू नका, पाच मिनिटं शांतता ठेवा. प्रत्येकाने कागदावर आपलं मत आणि त्याचं एक कारण लिहावं. ‘मान्य आहे का?’ असं विचारलं तर माना डोलतात, म्हणून ‘किती रक्कम?’, ‘दोनपैकी कोणता पर्याय?’, ‘यात सर्वांत मोठा धोका कोणता?’ असे प्रश्न द्या. चिठ्ठ्या गोळा करून, घोळून, विषयाशी हितसंबंध नसलेल्या माणसाने वाचाव्यात. मग चर्चा, त्यात नवखे आधी बोलतील, अध्यक्ष सर्वांत शेवटी.

हे कुठे फसतं, तेही सांगतो. सर्वांत जास्त वेळा फसतं ते अध्यक्षांनी विषय मांडतानाच आपला कल सांगितल्यामुळे. मग चिठ्ठीवर तोच कल उमटतो. पाच-सहा जणांच्या गटात अक्षर ओळखू येतं, तिथे लिहिण्याऐवजी छापील पर्यायांवर खूण करू द्या. काही ठिकाणी एकाला मुद्दाम विरोधक नेमतात. तो भूमिका वठवतोय हे सर्वांना ठाऊक असतं, त्यामुळे त्याचं म्हणणं ऐकून सोडून दिलं जातं. मनापासून न पटलेल्या एका माणसाला निर्धास्तपणे बोलता येणं याहून कितीतरी मोलाचं आहे.

प्रश्न : एखादी गोष्ट खोटी आहे हे माहीत असूनही वारंवार ऐकली की खरी वाटू लागते. हा मनाचा दुबळेपणा का?

नाही, सगळ्यांचंच असं होतं. १९७७ साली प्रसिद्ध झालेल्या एका प्रयोगात विद्यार्थ्यांना दोन-दोन आठवड्यांच्या अंतराने तीनदा, दर वेळी ६० विधानं ऐकवली. त्यातली काही विधानं तिन्ही वेळा होती, आणि त्यांच्या खरेपणावरचा विश्वास दर खेपेला वाढत गेला, मग ती खरी असोत वा खोटी. ओळखीचं वाक्य समजायला सोपं जातं आणि तो सोपेपणाच मनाला खरेपणासारखा वाटतो.

त्यामुळे खंडन करताना खोटं वाक्य मथळ्यात घेऊ नका. आधी खरी गोष्ट साध्या वाक्यात सांगा, मग ‘पुढचं विधान चुकीचं आहे’ अशी सूचना देऊन ते एकदाच उच्चारा, ते कुठे चुकतं ते दाखवा आणि पुन्हा खऱ्या गोष्टीवर या.

प्रश्न : चार ठिकाणी एकच माहिती आली तर ती पक्की धरावी का?

चारांनी चार वाटांनी मिळवली असेल तर. एकाचंच चौघांनी उतरवलं असेल तर तो साक्षीदार एकच. नक्कल ओळखायची खूण म्हणजे सारखी चूक. तेच चुकलेलं स्पेलिंग, तोच गोळाबेरीज आकडा, मुद्द्यांचा तोच क्रम. बरोबर माहिती दोघांना स्वतंत्रपणे सापडू शकते, तीच चूक सहसा नाही. मागे मागे जात ‘हे तुम्हाला कोणी सांगितलं?’ असं प्रत्येक पायरीवर विचारा आणि स्वतः पाहणाऱ्या, मोजणाऱ्या किंवा मूळ कागद हाताळणाऱ्यापर्यंत पोचा. ‘तज्ज्ञ म्हणतात’ इथेच वाट संपली, तर ती माहिती ऐकीव समजा.

प्रश्न : तज्ज्ञही आधी नव्या शोधांना हसलेच ना? मग आज ते ज्याला नाकारतात तो उद्या खरा ठरणार नाही कशावरून?

एकोणिसाव्या शतकातले डॉक्टर सेमेलवाइस यांचा दाखला अशा वेळी नेहमी देतात, तो पूर्ण पाहू. व्हिएन्नाच्या मोठ्या रुग्णालयात दोन प्रसूती विभाग होते. एकात शवविच्छेदन करून आलेले वैद्यकीय विद्यार्थी काम करत, दुसऱ्यात सुईणी. १८४६ साली पहिल्या विभागात सुमारे ११ टक्के बाळंतिणी दगावल्या, दुसऱ्यात तीन टक्क्यांहून कमी. मे १८४७ पासून सेमेलवाइस यांनी क्लोरीनयुक्त चुन्याच्या पाण्याने हात धुण्याची सक्ती केली. एप्रिलमध्ये १८ टक्क्यांवर असलेले मृत्यू जूनमध्ये दोनच्या आसपास आले.

तरीही अनेक मोठे डॉक्टर मानायला तयार नव्हते. त्या काळी रोग दूषित हवेने होतो अशी समजूत होती. जंतूंची कल्पना अजून रुजली नव्हती, त्यामुळे ‘प्रेतातले कण’ हातांवरून बाळंतिणीपर्यंत पोचतात, हे सेमेलवाइस यांचं स्पष्टीकरण अधांतरी होतं. शिवाय ते मान्य करणं म्हणजे आपल्याच हातांनी बाया मेल्या हे मान्य करणं. आणि सेमेलवाइस यांनी सविस्तर ग्रंथ काढला तो १८६१ साली, वर विरोधकांना जाहीर पत्रांतून खुनी ठरवलं. अहंकार आणि पदाची उतरंड यांनी आकडे दाबले, ही गोष्ट मला आजही अस्वस्थ करते.

आता ऑस्ट्रेलियातले डॉक्टर बॅरी मार्शल. जठराच्या व्रणामागे एक जिवाणू आहे असं ते आणि रॉबिन वॉरन म्हणत होते. आम्लात जिवाणू टिकत नाहीत, अशी रूढ समजूत होती. १९८४ साली मार्शल यांनी तो जिवाणू स्वतः पिऊन जठराचा दाह ओढवून घेतला. पण मत पालटलं ते मुख्यतः रुग्णांवरच्या चाचण्यांनी : प्रतिजैविकं दिल्यावर व्रण उलटेनासे झाले. १९९४पर्यंत अमेरिकेतल्या तज्ज्ञांच्या अधिकृत परिषदेने ही उपचारपद्धती मान्य केली, २००५ साली दोघांना नोबेल मिळालं.

नाकारलं गेलं, एवढ्यावरून कोणी बरोबर ठरत नाही. नाकारलेल्या बहुतेक कल्पना चुकीच्याच निघतात. नवा दावा करणाऱ्याने आपण कशाने खोटे ठरू हे आधी सांगितलं आहे का, त्याची पद्धत परक्या माणसाला करून बघता येते का, आणि विरोधी निकाल छापायला जागा आहे का, हे पाहा. तज्ज्ञांनाही हीच कसोटी लावा.

प्रश्न : घरातली एक मोठी व्यक्ती निराधार समजुतीला चिकटून आहे. पुरावे देऊन थकलो.

ती समजूत त्यांच्या सोबत्यांचीही असेल. ती सोडायची म्हणजे त्या माणसांतलं स्थान सोडायचं, आणि ही किंमत तुमच्या पुराव्याने भरून निघत नाही. म्हणून चारचौघांत बोलू नका, दोघंच असताना बोला. ‘तुमचं चुकतंय’ म्हणण्याऐवजी विचारा : ‘तुम्हाला हे पहिल्यांदा कोणाकडून कळलं? काय दिसलं तर तुम्हाला शंका येईल?’ एका वेळी एकच मुद्दा घ्या. उत्तर लगेच मागू नका. आणि शक्य असेल तर हेच त्यांच्याच गोटातल्या, त्यांना विश्वासू वाटणाऱ्या माणसाकडून त्यांच्या कानावर पडू द्या.