मेंढरं एकामागं एक का पळतात?

प्रश्न: आमच्या सांगोल्याकडच्या रानात खतासाठी मेंढरं बसवतो. एक ओढ्यात उतरलं की सगळी धाडधाड मागं, शेळ्या मात्र बांधावरच, असं का? आणि दुपारी मेंढरं डोकी एकमेकांच्या पोटाखाली घालून का उभी राहतात?
– एक शेतकरी, सांगोला

उत्तर: दादा, मेंढराला बिनडोक म्हणू नका हो, मला फार लागतं ते. त्याला ना नखं ना सुळे, मग लांडग्यापासून वाचायचं तर गर्दीच्या मधे शिरायचं, एकटं पडलं की संपलं, म्हणून पुढचं हललं की मागचं हलणारच. आणि डोकं? २००१ साली इंग्लंडमधल्या संशोधकांनी दाखवलं की मेंढ्या ५० मेंढ्यांचे चेहरे दोन वर्षांपर्यंत लक्षात ठेवतात!

शेळीचं वेगळं. मेंढरू मान खाली घालून गवत खातं, शेळी पाला शोधते, आपली उस्मानाबादी बघा, मागच्या दोन पायांवर उभी राहून पुढचे पाय बाभळीच्या खोडाला टेकवून काट्यातनं शेंग अशी अलगद ओढते की ओठाला खरचटतसुद्धा नाही. त्यामुळं ती पांगते, धीटही असते, म्हणून तर धनगर कळपात चार शेळ्या ठेवतात, त्या पुढं चालल्या की मेंढरं मागनं येतात.

डोकी खाली घालतात ती उन्हामुळं, आपल्या सोलापुरी उन्हात दुसऱ्याच्या अंगाची सावली तेवढीच डोक्याला मिळते. त्या वेळी हाकलू नका, जवळ पाणी ठेवा.