‘साहेब चिडले तर?’

"मॅडम, कोर्टात गेलो आणि पोलीस चिडले तर?" एफआयआर होते, पंचनामा होतो, पुढे महिनोन् महिने 'तपास चालू आहे' एवढंच ऐकायला मिळतं. अशी माणसं समुपदेशनासाठी माझ्यासमोर बसली की हा प्रश्न येतोच.

एका ताईंचं सांगते, ओळख पटणार नाही एवढे तपशील बदलून. तरुण मुलाला गाडीने उडवलं, गाडी पसार. झोप लागत नाही म्हणून त्या आल्या. पोलीस ठाण्याच्या फेऱ्यांची त्यांची एक वही होती. मी ती बघायला मागितली. 'साहेब बंदोबस्ताला.' 'आज नीट बोलले, बसा म्हणाले.' 'वैतागलेले दिसले, विचारलं नाही.' पानंच्या पानं अशीच.

"ताई, यात तपास कुठे आहे? साक्षीदाराचा जबाब झाला का? फुटेज?"

त्यांनी वही मागे-पुढे चाळली. बऱ्याच वेळाने म्हणाल्या, "ही तर सगळी साहेबांच्या मूडची नोंद आहे हो."

हे मी आधीच सांगू शकले असते, पण मुद्दाम थांबले. स्वतःच्या डोळ्यांनी दिसलेलं टिकतं, असं माझं ठाम मत आहे आणि इतक्या वर्षांत ते खोटं ठरलेलं नाही. मुलाचं दुःख तर होतंच. त्यावर एका परक्या माणसाची मर्जी सांभाळायचं ओझं त्यांनी आपणहून घेतलं होतं, आणि ते मात्र उतरवता येण्यासारखं होतं.

"पण चिडले तर?"

"आज चिडलेले नाहीत ना? मग हललाय का तपास?"

ताई हसल्या. डोळे पुसत, पण हसल्या.

आता थोडं कायद्याचं. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या (गुन्ह्याचा तपास आणि खटला कसा चालवायचा ते ठरवणाऱ्या कायद्याच्या) कलम १९३(३) नुसार तपास कुठवर आला हे ९० दिवसांच्या आत फिर्यादीला किंवा पीडिताला कळवणं पोलिसांवर बंधनकारक आहे. तेव्हा विचारताना हात जोडायची गरज नाही. तपासी अंमलदाराला लेखी अर्ज द्या, पोच घ्या. मग वरिष्ठांना लेखी द्या. तरीही ढिम्मच, तर कलम १७५(३) खाली प्रतिज्ञापत्रासह न्यायदंडाधिकाऱ्यांकडे जा. तपास नीट होतोय की नाही यावर ते देखरेख ठेवू शकतात, हे सर्वोच्च न्यायालयाने साकिरी वासू प्रकरणात २००७ मध्येच सांगितलंय. त्यासाठी ऊठसूट उच्च न्यायालय गाठावं लागत नाही. मात्र न्यायदंडाधिकारी स्वतः तपासाला उतरत नाहीत, आणि अर्ज केला म्हणजे आरोपी सापडलाच असंही धरून बसू नका.

ताईंनी अर्ज केला. कोर्टाने अहवाल मागवला, तेव्हा कळलं की चौकातलं फुटेज वेळेत घेतलंच नव्हतं, आता ते पुसलं गेलंय. त्या खूप रडल्या. पण गॅरेजवाल्यांकडे चौकशी त्यानंतरच सुरू झाली, आणि ताईंच्या वहीत आता तारखा असतात, पोच क्रमांक असतात. गाडी अजून सापडलेली नाही. झोप मात्र लागते.

फुटेज फार दिवस राहत नाही, म्हणून पहिला लेखी अर्ज लांबवू नका. वकिलाचा खर्च झेपत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात विचारा. स्त्रियांना तिथे उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो.