बॅटनची घाई नको
बरोकचा, म्हणजे सतराव्या-अठराव्या शतकातल्या युरोपीय संगीताचा कंडक्टर, हातातल्या छडीनं (बॅटननं) वाद्यवृंद चालवणारा, व्हायचंय ना? मग याच संगीतातले नावाजलेले कंडक्टर निकोलाउस हार्नोनकूर यांची वाटचाल नीट बघ. व्हिएन्ना सिम्फनी या वाद्यवृंदात ते १९५२ ते १९६९ चेलो वाजवत होते. १९५३ मध्ये पत्नी अ‍ॅलिससोबत ‘कॉन्सेंटुस म्युझिकुस’ हे वादकांचं पथक उभं केलं, पण पहिला जाहीर कार्यक्रम थेट १९५७ मध्ये! मधली चार वर्षं नुसत्या तालमी, जुनी वाद्यं, जुने ग्रंथ. मला तीच सगळ्यात मोलाची वाटतात.

तू आधी हार्प्सिकॉर्डवर (पियानोसारखं जुनं कळवाद्य) बस, कंटिन्युओ म्हणजे खर्जाच्या ओळीवरची साथ शीक. खर्जाच्या ओळीला फक्त आकडे दिलेले असतात. त्यांवरून उजव्या हातानं स्वरमेळ जागच्या जागी भरायचा. हे अंगवळणी पडलं की गायकाचा श्वास कुठे तुटतो ते आपोआप कळायला लागतं. संगीतकार बाखचे कँटाटा (गायक आणि वाद्यांसाठीच्या रचना) मात्र आजपासूनच ऐक, स्वरलिपी पुढ्यात ठेवूनच.