वस्तऱ्यावर खापर फोडण्याआधी

प्रिय मुली,

तुझा रात्रीचा मेसेज सकाळी वाचला आणि दिवसभर तोच डोक्यात होता, म्हणून आता नीट बसून लिहितेय. तू लिहिलंस की दोन्ही हातांवर रेझर फिरवला, पहिल्या दिवशी हात एकदम गुळगुळीत, आणि चौथ्या दिवशी असे काटे काटे लागायला लागले की बाही खाली ओढून बसलीस. मैत्रीण म्हणाली आता झालं, आता हे असेच राठ येणार आणि दरवेळी आधीपेक्षा जास्त येणार. आणि मग तू मला विचारलंस, "मॅडम, मी कायमचं वाटोळं केलं का?"

नाही केलंस. पण नुसतं 'नाही' सांगून माझं समाधान होत नाही, कारण उद्या आणखी कुणीतरी उलटं सांगेल आणि तू तिचंही खरं धरशील. अगं, तू माझ्या लॅबमध्ये होतीस ना, तिथे कितीही घाई असली तरी मी एक प्रश्न विचारल्याशिवाय कुणाचं निरीक्षण वहीत लिहू द्यायचे नाही. तुलना कशाशी केलीस? तोच आता विचारते. केस जाड झाले म्हणतेस, ते कशाशी तुलना करून? रेझर लावायच्या आधी हातावरचे केस कधी इतक्या जवळून पाहिले होतेस का? कुणीच पाहत नाही. आणि रेझर लावल्यापासून दिवसातून किती वेळा बोटं फिरवून बघतेयस ते तुझं तुलाच माहीत.

आता एक काम कर. घरात भिंग असेल तर ते घे, नसेल तर फोनचा कॅमेरा झूम करून बघ. दंडाच्या आतल्या बाजूला, जिथे रेझर पोचला नाही तिथला एक केस बघ, टोकाकडे तो निमुळता होत होत जवळजवळ दिसेनासा होतो. मग मनगटाजवळचा कापलेला खुंट बघ. त्याला टोकच नाही, सपाट कापलेलं तोंड आहे, आणि ते तोंड केसाच्या बुंध्याजवळचं आहे जिथे केस पहिल्यापासूनच सगळ्यात जाड होता. म्हणजे जाडी नवी आली नाही, बारीक भाग तेवढा निघून गेला. वर तो खुंट आखूड आहे, लांब केस बोट लागलं की वाकतो, हा वाकत नाही, म्हणून टोचतो. काळा दिसतो कारण बाहेर येऊन त्याला चार दिवसच झालेत, ऊन नाही लागलं, रंग उडाला नाही. आणि सगळे एकाच दिवशी कापले म्हणून सगळे एकाच उंचीवर उभे आहेत, त्यामुळे दाट वाटतात. टोचणं, काळं दिसणं, दाट वाटणं, तिन्हीची कारणं त्या खुंटातच आहेत, आत काहीही बदललेलं नाही.

आत म्हणजे कुठे, तर त्वचेच्या खाली, जिथे फॉलिकल असतो. केस तिथे बनतो. फॉलिकलच्या तळाशी पॅपिला नावाचा बारीक उंचवटा असतो, त्याला रक्तपुरवठा असतो, तिथल्या पेशी भराभर विभागतात आणि वर ढकलल्या जाता जाता मरतात, त्यांच्यात केराटिन नावाचं चिवट प्रथिन भरतं, आणि त्वचेच्या बाहेर जो केस येतो तो पूर्ण मेलेला असतो. त्यात ना नस ना रक्त, म्हणून तर कापला तरी दुखत नाही. वर ब्लेड फिरल्याचा निरोप खाली पॅपिलापर्यंत जायला वाटच नाही. आणि संख्या वाढण्याचं म्हणशील तर माणूस जन्माला येतो तेव्हाच त्याच्या अंगावरचे सगळे फॉलिकल तयार असतात, अंदाजे ५० लाख, त्यातले लाखभर डोक्यावर. नंतर नवे तयार होत नाहीत. रेझरने तर नाहीच नाही.

लोक इथे झाडाच्या फांदीचा दाखला देतात. छाटली की फुटवे जास्त येतात ना, तसंच केसांचं, असं इतक्या खात्रीने सांगतात की ऐकणाऱ्याला पटतं. पण फांदीचा शेंडा जिवंत असतो, वाढ तिथेच चालू असते, आणि शेंडा खालच्या डोळ्यांना, म्हणजे न फुटलेल्या कोंबांना, दाबून ठेवणारं संप्रेरक सोडत असतो, तो कापला की दाब जातो आणि फुटवे फुटतात. केसाच्या शेंड्यावर यातलं काहीच चालू नसतं. हे मी किती जणांना किती वर्षं सांगतेय, आणि लोक मला हटवादी म्हणतात. म्हणू देत.

आणि तपासणाऱ्यांनी हे कधीच तपासलंय. १९२८ साली मिल्ड्रेड ट्रॉटर नावाच्या अमेरिकन शरीररचनाशास्त्रज्ञ बाईंनी पुरुषांच्या दाढीचे कापलेले केस गोळा करून मायक्रोस्कोपखाली मोजले. दाढी करण्यामुळे ना केसांचा रंग बदलला, ना जाडी, ना वाढीचा वेग. (याच बाईंनी पुढे दुसऱ्या महायुद्धात मेलेल्या सैनिकांच्या हाडांवरून ओळख पटवण्याचं काम केलं, आणि हातापायांच्या लांब हाडांवरून माणसाची उंची काढण्याची त्यांची सूत्रं प्रसिद्ध आहेत. मोजल्याशिवाय न बोलणारी बाई.) मग १९७० मध्ये लिनफिल्ड आणि मॅकविल्यम्स यांनी जे केलं ते मला सगळ्यात जास्त आवडतं. पाच निरोगी तरुण घेतले, प्रत्येकाचा एक पाय आठवड्याला एकदा असा काही महिने शेव्ह केला आणि दुसरा पाय तसाच ठेवला. बघ, तुलना कशाशी याचं उत्तर त्याच माणसाच्या दुसऱ्या पायावर! तेच वय, तेच हॉर्मोन, तेच खाणंपिणं, फरक फक्त रेझरचा. शेवटी केसांचं वजन, जाडी, वाढीचा वेग, कशातच म्हणावा असा फरक निघाला नाही. पाचच जण होते असं कुणी म्हणेल, पण प्रत्येकाला स्वतःचाच दुसरा पाय तुलनेला होता, आणि छातीठोक सांगणाऱ्यांकडे तर तेवढंही नसतं.

मग इतक्या लोकांचा अनुभव खोटा का, असं विचारशील. अनुभव खोटा नाही गं, त्याचा अर्थ चुकीचा लावलाय. माणूस पहिल्यांदा रेझर कधी हातात घेतो? चौदा-पंधरा-सोळाव्या वर्षी. म्हणजे नेमकं तेव्हा, जेव्हा अँड्रोजेन, म्हणजे पुरुषांत जास्त आणि बायकांत थोडे असणारे हॉर्मोन, मऊ बिनरंगी लव बनवणाऱ्या फॉलिकलना जाड काळे केस बनवायला लावत असतात. हे काम एका झटक्यात होत नाही, वर्षानुवर्षं चालतं. त्या काळात शेव्ह करा नाहीतर करू नका, केस वाढणारच असतात. पण शेव्ह लक्षात राहते आणि हॉर्मोन दिसत नाहीत, म्हणून श्रेय आणि दोष दोन्ही ब्लेडच्या नावावर जमा होतात. तुलना कशाशी केली? न केलेल्या शेव्हशी कुणीच करत नाही.

तुझ्या भावाचंही तू लिहिलंयस, गालावर दाढी नीट भरत नाही म्हणून तो रोज कोरड्या गालावर रेझर ओढतो. एकाच घरात एकाच चुकीच्या समजुतीने तू घाबरून बसलीयस आणि तो आशा लावून बसलाय. त्याला सांग, हनुवटी आणि मिशी आधी येते, गाल मागाहून भरतात, आणि दाढी तिशीपर्यंत, कित्येकांची त्यानंतरही दाट होत जाते. त्याचे वडील-काका कसे आहेत ते बघ म्हणावं, कारण फॉलिकल हॉर्मोनला किती दाद देणार हे बरंचसं आनुवंशिक असतं. कोरडं खरवडून फक्त त्वचा सोलवटेल, पुरळ येईल, आणि केस कुरळे असतील तर टोकं वळून परत त्वचेत घुसतील. त्याला एवढं पुरे.

आता जे लिहिणार आहे ते तुझ्यासाठी आहे, आणि खरं तर माझ्यासाठीही. माझ्या ताईला विशीच्या आतच हनुवटीवर राठ केस यायला लागले. तिने एकदा, फक्त एकदा, वडिलांचा रेझर फिरवला, आणि ते घरात कळलं. त्या दिवसापासून हनुवटीवर जे जे उगवलं त्याला एकच कारण, तू वस्तरा लावलास. पाळी दोन-दोन महिने यायची नाही, चेहऱ्यावर मुरमं, डोक्यावरचे केस विरळ, सगळं सगळ्यांना दिसत होतं, पण ते जोडून बघायची गरजच कुणाला वाटली नाही कारण उत्तर तर आधीच मिळालं होतं. केस तर तिने रेझर लावायच्या आधीपासून येत होते, हे मी म्हणाले तेव्हा, पण मी घरात सगळ्यात लहान, माझं कोण ऐकणार. कितीतरी वर्षांनी एका डॉक्टरांनी तिला पहिलाच प्रश्न पाळीचा विचारला आणि सोनोग्राफी, रक्ततपासणी होऊन पीसीओएस, म्हणजे बीजांडकोश आणि हॉर्मोनचा बिघाड, निघालं. ती वर्षं तिने तोंडाला ओढणी धरून काढली, स्वतःला दोष देत. ती परत नाही येत. मी या एका विषयावर कुणाशीही, कुठेही, कितीही वेळ भांडते ते म्हणून. ज्याला ते अती वाटतं त्याने ताईच्या जागी बसून बघावं.

तेव्हा हातावरच्या केसांची काळजी सोड, पण हे मात्र नीट वाच. हनुवटी, वरचा ओठ, छाती, बेंबीखाली, पाठ अशा जागी जाड काळे केस वाढत असतील आणि सोबत पाळी अनियमित असेल, मुरमं जात नसतील, डोक्यावरचे केस विरळ होत असतील, तर डॉक्टरकडे जा. आणि केस काही महिन्यांतच झपाट्याने वाढले किंवा आवाज घोगरा व्हायला लागला तर अजिबात थांबू नकोस. पाळीच्या तारखा मला सांगायची गरज नाही, पण लिहून ठेव, डॉक्टर विचारतीलच. आणि ते होईपर्यंत चेहऱ्यावरचे केस शेव्ह केलेस तरी काही बिघडत नाही, बायकांनी चेहऱ्याला रेझर लावायचा नाही हे कुणी सांगितलं तर कारण विचार, आणि कारण म्हणून परत तेच ऐकवलं तर हे पत्र वाचायला दे.

मैत्रीण म्हणते वॅक्स कर, त्याने केस मऊ येतात. येतात खरे, तिचं निरीक्षण बरोबर आहे. वॅक्सने केस मुळापासून उपटतो, म्हणून वर येतो तो अख्खा नवा केस, स्वतःचं निमुळतं टोक घेऊन, तोही उशिरा. रेझरनंतर येतो तो जुनाच केस, टोक उडालेला. म्हणजे तिने नव्या केसाची तुलना अर्ध्या कापलेल्या केसाशी केली आणि निकाल रेझरच्या विरुद्ध दिला! हेच, हेच मला सहन होत नाही. तुला वॅक्स आवडत असेल तर कर, दुखणं तुझं आणि पैसे तुझे, फक्त भीतीपोटी करू नकोस. लेझरची गोष्ट वेगळी, त्याची उष्णता फॉलिकलपर्यंत पोचते, म्हणून त्याने केस कमी होतात आणि क्वचित कुणाला आजूबाजूला उलट वाढल्याचंही डॉक्टरांनी नोंदवलंय. ज्याचा परिणाम आत पोचतो त्याच्या बाबतीत विचार करून पाऊल टाकायचं. रेझर तिथपर्यंत जातच नाही.

'कायमचं' हा शब्दही डोक्यातून काढ. हातावरचा प्रत्येक केस काही महिनेच वाढतो, मग थांबतो, गळतो, आणि त्याच फॉलिकलमधून नवा येतो, निमुळत्या टोकाचा. आज तुला टोचणारा एकही खुंट कायम राहणार नाहीये. रेझर परत लावला नाहीस तर हात हळूहळू होता तसाच दिसायला लागेल.

पण तू नुसता माझ्यावर विश्वास ठेवावास असं मला मुळीच नकोय. गेल्या वेळी दोन्ही हात एकदम केलेस आणि तिथेच तुलना घालवलीस. आता फक्त डावा हात कर, आठवड्याला एकदा, आणि उजव्याला हात लावू नकोस. आधी अंघोळ कर म्हणजे केस भिजून नरम होतील, मग साबण किंवा जेल, नवीन ब्लेड, केसांच्या दिशेने, दाब न देता, आणि भावाचा रेझर वापरायचा नाही, त्याने तुझा वापरायचा नाही. असं तीन-चार महिने. मग डावा हातही सोडून दे आणि केस पूर्ण लांबीला येईपर्यंत थांब, याला आणखी काही महिने लागतील, मध्येच बोटं फिरवून निकाल काढायचा नाही, कारण खुंट टोचणारच आहेत. शेवटी त्याच मैत्रिणीला बोलाव, तिचे डोळे बांध आणि दोन्ही हातांवरून बोटं फिरवून सांगायला लाव की शेव्ह केलेला हात कुठला. आधी तिला सांगून ठेवू नकोस. आणि दोन्ही हातांचे फोटो आजच, शेव्ह करायच्या आधी काढून ठेव, एकाच खिडकीच्या उजेडात, तारीख टाकून.

तुझी,
मॅडम